जपानी तेवढे ठेवले

तान्ही सुझु झोपली की चिगुसाचा दिवस सुरू व्हायचा आणि ती उठली की संपायचा. मधल्या त्या फटीत काय काय म्हणून कोंबायचं? स्वतःचं जेवण, बाळाचे कपडे, सासऱ्यांच्या गोळ्या, आणि आता गेले काही दिवस हे एक नवीनच दुखणं मागे लागलं होतं. खेळांच्या फायली.

आजही पाऊल न वाजवता ती जिना उतरून खाली दुकानात आली. दुकान आता नावापुरतं. आमागासाकीच्या बाजारगल्लीत 'निशिवाकी गेम कॉर्नर' ही पाटी अजून लटकत होती, पण शटर कायमचं खाली. आत बाळाची ढकलगाडी, रॉकेलचा स्टोव्ह, सासऱ्यांची आरामखुर्ची, त्यांचा टीव्ही, आणि मधोमध काचेच्या टेबलासारखं दिसणारं एकुलतं एक मशीन. टेबलाच्या काचेखाली पडदा, कडेला दांडे आणि बटणं. बाकीची मशीनं गेली तेव्हा हे एक तेरुओंनी, म्हणजे तिच्या सासऱ्यांनी, कोणाला हात लावू दिलं नव्हतं.

तिने मशीन चालू केलं. काल तिने स्वतः आवरलेली यादी समोर आली. छोटी, सुटसुटीत, एका नजरेत मावणारी. तिला पुन्हा एकदा बरं वाटलं. तिने 'ओनीत्सुबामे'वर दांडा नेला आणि बटण दाबलं.

पडदा काळा झाला. मग पांढऱ्या बारीक अक्षरांत ओळीमागून ओळी. अमुक फाईल सापडली नाही. तमुक फाईल सापडली नाही. हा खेळ चालू करता येत नाही.

तिने दुसरा खेळ लावला. तेच. तिसरा, तेच. परवापर्यंत हे सगळे खेळ ठणठणीत होते.

"काय गं, लागला का?" मागून खुर्चीतून तेरुओंचा आवाज आला. शरद ऋतूत अर्धांगाचा झटका आल्यापासून त्यांचं बोलणं जरा जड झालं होतं, पण खवचटपणा तसाच होता.

"लागतोय, बाबा. जरा थांबा."

"थांबलोय. कुठे जाणार?"

त्यांचा उजवा हात मांडीवर होता. मूठ वळलेली. चिगुसाची नजर सारखी त्या मुठीकडे जायची.

आठवड्यातून दोनदा व्यायाम करून घ्यायला एक मुलगी यायची. तिने रबरी चेंडू दिला, खुंट्यांची पाटी दिली, जेवायच्या काड्यांनी घेवड्याचे दाणे उचलायला सांगितलं. तेरुओंनी चेंडू खिडकीतून गल्लीत फेकला, तोही डाव्या हाताने. "मी काय बालवाडीत जातोय?" ती मुलगी बिचारी हसून गेली, पण दारात बूट घालता घालता चिगुसाला हळूच म्हणाली, "आत्ता हे थोडेच दिवस हात ऐकतो. या वसंतापर्यंत बोटं हलली तर हलली. मग मूठ जी वळते ती वळते."

आणि एक दिवस जेवताना तेरुओ आपणहून म्हणाले होते, "त्सुबामे असता तर दाबलं असतं बटण."

बस. तेवढं वाक्य अख्ख्या घराने झेललं. 'ओनीत्सुबामे' म्हणजे विमानांचा जुना खेळ, दुकानाच्या अगदी पहिल्या वर्षांतला. त्याचा बोर्ड, म्हणजे खेळाच्या चिप बसवलेली पाटी, माळ्यावरच्या कपाटात फुगेवाल्या प्लास्टिकमध्ये गुंडाळून ठेवला होता, पण तो कधीच मेला होता, घरातली मुलं शाळेत जायच्याही आधी. मात्र धाकटा दीर मासातो कॉलेजात असताना त्याने एक यंत्र आणून दुकानातल्या झाडून सगळ्या बोर्डांच्या, मेलेल्यांच्यासुद्धा, चिप वाचून कॉम्प्युटरवर उतरवल्या होत्या. जुन्या मशीनचं हुबेहूब सोंग वठवणारा एक प्रोग्राम असतो. त्याला त्या फायली दिल्या की खेळ जिवंत. नव्या वर्षाच्या सुट्टीत मासातो नागोयाहून आला, टेबलाची आतडी बाहेर काढून त्यात छोटा कॉम्प्युटर बसवला, त्याच्या मेमरी कार्डावर आपला सगळा खजिना ओतला, आईच्या हातचे मोची, म्हणजे तांदळाचे मऊ गोळे, खाल्ले आणि गेला.

खजिना म्हणजे केवढा! दुकानातले खेळ, मित्रांचे खेळ, मित्रांच्या मित्रांचे खेळ. दांडा खाली ओढला की नावं नुसती धो धो वाहत. त्यात प्रत्येक खेळ सहा-सहा, सात-सात वेळा. तेरुओ डाव्या हाताने हवं ते नाव गाठायला जात, ते निसटे, ते शिवी घालत आणि उठत. मासातोला फोन केला तर म्हणाला, "मग आवर ना, वहिनी. तुझंच काम आहे ते."

होतंच तिचं काम. बाळंतपणाच्या रजेवर येण्याआधी चिगुसा एका जहाज कारखान्यात नकाशांचं दप्तर सांभाळायची. कोणता नकाशा नवा, कोणता जुना, कोणता ठेवायचा, कोणता रद्द. तिच्या हाताखालून गेलेलं कपाट बघून साहेब लोक खूश व्हायचे. तिने कार्ड लॅपटॉपमध्ये घातलं. बघते तर प्रत्येक नावापुढे देश. अमेरिका, जागतिक, कोरिया, जपान. या घरात अमेरिकेचा खेळ कोण खेळणार आहे? तिने जपानी तेवढे ठेवले, बाकीचे पुसले. कचऱ्याची टोपलीसुद्धा रिकामी केली. स्वयंपाकघराचा ओटा पुसून झाल्यावर वाटतं तसं वाटलं होतं तिला काल.

आणि आज हे.

तिने मासातोला फोन लावला. त्याची जेवणाची सुट्टी असावी. तोंडात काहीतरी होतं.

"मासातो, खेळ चालत नाहीयेत."

"कुठला?"

"एकही."

"काय केलंस?"

"तूच म्हणालास आवर. आवरलं. जपानी ठेवले, परदेशी काढून टाकले."

चावणं थांबलं. "काढून म्हणजे बाजूला ठेवलेस ना?"

"पुसले."

"टोपलीत असतील."

"टोपली पण रिकामी केली. मी नीटनेटकी बाई आहे."

पलीकडून असा आवाज आला की कोणीतरी कपाळ टेबलावर आपटलं असावं. "वहिनी! तू आईबाप मारलेस गं. पोरं उपाशी मेली सगळी."

"माणसासारखं बोल."

मग त्याने सांगितलं. हा सोंग वठवणारा प्रोग्राम बाहेरच्या देशांतल्या लोकांनी बनवला. त्यांनी प्रत्येक खेळाचं एक कुटुंब लावलं. त्यातली परदेशी आवृत्ती ही आईबाप आणि जपानी आवृत्ती तिचं पोर. पोराच्या फाईलमध्ये फक्त जे वेगळं आहे तेवढंच ठेवलेलं. बाकी चित्रं, आवाज, सगळा संसार आईबापाच्या फाईलमधून उसना घ्यायचा.

"थांब. ओनीत्सुबामे कुठे बनला?"

"इथेच. ओसाकात."

"मग परदेशी आवृत्ती आईबाप कशी?"

"नोंद त्यांनी केली ना! जो वही धरतो तो नाव लिहितो."

"हे कुठलं शहाणपण? आमच्या कारखान्यात असं कोणी केलं असतं तर दुसऱ्या दिवशी गेटबाहेर असता."

"वहिनी, जग असंच चालतं यात. जागा वाचते."

"जागा वाचते! म्हणजे सात बिऱ्हाडं आणि मिठाची बरणी एकीकडेच. भाजीत मीठ घालायचं झालं की पळा आईच्या घरी. आणि आईचं घर बंद असलं की जेवा आळणी."

"बरोब्बर. आणि आईचं घर तूच पाडलंस."

वरून सुझुचं किरकिरणं ऐकू आलं. चिगुसाने डोळे मिटले. किरकिर थांबली. "दुसरी पद्धत नाही का?" तिने आवाज खाली घेऊन विचारलं.

"आहे की. सगळं कुटुंब एकाच गठ्ठ्यात बांधायचं. नाहीतर मग प्रत्येक खेळ पूर्णच्या पूर्ण, स्वतःचं मीठ स्वतःच्या घरात. पण ती पद्धत म्हणजे शुद्ध उधळपट्टी. तेच चित्र सात वेळा साठवायचं! संग्रह करणारा कोणी शहाणा माणूस तसं करत नाही."

"मला संग्रह करायचा नाहीये. मला तशाच हव्यात. प्रत्येक फाईल आपल्या पायावर उभी. एक उचलली तर दुसरी पडायला नको."

"अगं पण वहिनी, पंधरा वर्षं मी एकेक—"

"मासातो, मला बाबांची मूठ उघडायचीय. तुझ्या पंधरा वर्षांचं मी काय करू?"

पलीकडे त्याने डबा आपटून बंद केला. मग फुरंगटून म्हणाला, "सगळ्या खजिन्याची मूळ डिस्क पाठवतो कुरिअरने. पण परत पाहिजे. आणि त्यातलं काही पुसू नकोस, हात जोडतो."

डिस्क आली. त्यानंतरचे दिवस चिगुसाला नंतर नीट आठवेनात, कारण ते दिवस नव्हतेच, नुसत्या फटी होत्या. उसनं मीठ काढून प्रत्येकाच्या घरात घालणारा एक वेगळा प्रोग्राम होता. तो चालवायचा, तो अर्ध्यावर अडकायचा. अडकला की सुझु उठायची. सुझुला पाजून, ढेकर काढून, पाठीला बांधून परत यावं तर लॅपटॉप झोपी गेलेला. परत पहिल्यापासून. तपासणीच्या यादीत हिरव्यापेक्षा लालच जास्त. कुठे एक लहानशी फाईल कमी, कुठे नाव एका अक्षराने वेगळं. एकदा सगळं हिरवं झालं आणि तिने आनंदाने हात उडवला तर पाठीवरची सुझु दचकून अशी रडली की शेजारच्या तोफूवाल्या बाई विचारायला आल्या.

तिने एक गोष्ट मात्र ठरवून केली. सगळा खजिना कार्डावर घालायचाच नाही. दुकानात होते तेवढेच खेळ, प्रत्येक पूर्ण, आणि अर्थात जपानी. नावं सासूबाईंनी जेवताना पोळीसारखी एकेक टाकली, तेरुओंनी डोकं हलवून हो-नाही केलं. नवऱ्याची बदली हिरोशिमाला. तो शनिवारी आला की मशीनकडे बघून "वा" म्हणायचा आणि झोपायचा. त्याच्याकडून तिला तेवढीच मदत.

मार्च उजाडला. ओसाकात सुमोचे सामने सुरू झाले आणि दुपारपासून तेरुओंचा टीव्ही कुस्तीला जुंपला गेला. त्याच सुमारास एका दुपारी ओनीत्सुबामे लागला. खराखुरा. संगीत वाजलं, ढगांतून निळं विमान आलं. चिगुसाने टीव्हीचा आवाज बंद केला.

"बाबा, या."

तेरुओ उठले. काठी टेकत आले, स्टुलावर बसले. डावा हात दांड्यावर गेला तसा त्यांचा चेहरा बदलला. बाजारात जुना माणूस भेटावा तसा. उजवी मूठ मांडीवरच. चिगुसा त्या मुठीकडे बघत राहिली. दाबा, बाबा. एकदाच दाबा.

विमान गोळ्या चुकवत गेलं, थोडा वेळ छान चुकवत गेलं, आणि मग फुटलं. पडदा झरकन मागे गेला. टप्प्याच्या सुरुवातीपासून पुन्हा.

तेरुओंनी दांडा सोडला. "हा नव्हे."

"अहो बाबा, हाच. नाव वाचा ना वरती."

"नाव मला शिकवतेस? हा नव्हे."

"मग काय वेगळं आहे ते तरी सांगा."

"मेल्यावर मागे नेतो. आमचा नेत नव्हता. पडलास की पडल्या जागी उठायचास."

"आणखी?"

ते काहीतरी बोलणार असं वाटलं. मग त्यांनी तोंड फिरवलं. "खेळून बघ, कळेल तुला." आणि काठी टेकत खुर्चीकडे गेले. टीव्हीचा आवाज पुन्हा मोठा झाला.

चिगुसाने सेटिंग उलटीपालटी केली. सोपं, मध्यम, अवघड. जीव तीन, जीव पाच. विमान फुटलं की पडदा मागेच जायचा. ती इतक्या वेळा मेली की तिला तो टप्पा झोपेत पाठ म्हणता आला असता. तिने मासातोला पुन्हा फोन केला.

"असं सेटिंगच नाही, वहिनी. जपानी आवृत्तीत मागेच नेतात. बाबांचा काहीतरी गोंधळ होतोय. झटका आलाय त्यांना, विसरतोच माणूस."

"गोंधळ? कुठल्या वर्षी कुठल्या पोराने कुठलं बटण तोडलं ते सांगतात ते. त्या पोराच्या आजीचं नाव सांगतात."

"मग हट्ट असेल. तुला माहीत नाही त्यांचा हट्ट. पाचवीत असताना मला—"

"नंतर सांग," म्हणून तिने फोन ठेवला. नंतर म्हणजे कधी, कोण जाणे.

व्यायामवाली मुलगी येऊन गेली. मूठ सोडवायला तिला या खेपेला जास्त जोर लावावा लागला. तेरुओंनी दात आवळले, पण हूं की चूं केलं नाही. मुलगी या खेपेला दारात रेंगाळली नाही, आणि तेच चिगुसाला जास्त लागलं.

त्या दुपारी तिचा तोल गेला. सुझु दात येत असल्याने सकाळपासून खांद्यावर, भात जळलेला, मशीनवर विमान आपलं आपणच उडायचं नाटक करतंय, आणि सासरे पाठ करून कुस्ती बघतायत.

"बाबा, तुम्हाला खेळायचंच नाहीये ना? मग तसं सांगा. मी वेडी आहे का? पोर झोपली की लोक झोपतात, मी इथे येऊन बसते. हा नव्हे, हा नव्हे! मग कुठला ते तोंडाने सांगायला काय होतं?"

तेरुओंनी मान वळवली नाही. पण टीव्हीवर एक मल्ल पडला, लोक ओरडले, आणि तेरुओ ओरडले नाहीत. चिगुसाला लगेच वाईट वाटलं. वाईट वाटलं म्हणून आणखी राग आला.

तेवढ्यात मागच्या दाराने सासूबाई आल्या. सुमिए गल्लीच्या तोंडाशी कोरोक्केच्या, म्हणजे बटाट्याच्या तळलेल्या टिक्क्यांच्या, दुकानात तळणीवर उभ्या असायच्या. दुपारी गिऱ्हाईक थंडावलं की तासभर घरी टेकायच्या. अंगावर तोच ॲप्रन, तेलाचा खमंग वास, हातात कागदी पुडी.

"काय आरडाओरडा चाललाय? गल्लीत ऐकू येतंय. घे, गरम आहेत. सुझुला दे माझ्याकडे." पुडी टेबलाच्या काचेवर ठेवताना त्यांची नजर पडद्यावर गेली. "हे काय गं?"

"ओनीत्सुबामे, आई. तुम्हीच तर नाव दिलंत."

"ओनीत्सुबामे? आणि विमान एकच?"

"एकच असतं."

"काय सांगतेस! दोन असायची. निळं यांचं, लाल माझं." त्यांनी सुझुला कडेवर घेतलं आणि तिच्या गालाला गाल घासला. "संध्याकाळी शटर अर्धं ओढून खेळायचो की आम्ही. या स्टुलावर हे, या स्टुलावर मी, खांद्याला खांदा. पोरं व्हायच्या आधी. मग बोर्ड बिघडला, पोरं झाली, राहिलंच ते."

चिगुसाने सासऱ्यांकडे बघितलं. ते कुस्तीत अगदी गढून गेले होते. पण पडद्यावर त्या वेळी साबणाची जाहिरात होती, आणि त्यांचे कान लालभडक झाले होते.

"अहो!" सुमिए म्हणाल्या. "ही पोरगी इतके दिवस मर मर मरतेय, आणि तुम्ही तोंडाला कुलूप घालून बसलात? लाल विमान नाही एवढं सांगता येत नव्हतं?"

"कुस्ती बघू दे."

"साबण बघताय तुम्ही."

"गप्प बस."

"लाज वाटली म्हाताऱ्याला," सुमिए सुनेला म्हणाल्या, अजिबात आवाज न दबवता. "बायकोबरोबर खेळायचंय म्हणायची लाज. चाळीस वर्षं झाली, तरी अजून."

चिगुसा मात्र दुसऱ्याच विचारात होती. "आई, तो बोर्ड आणला कुठून होता?"

"कोबेच्या बंदरातल्या एका माणसाकडून. परदेशी जायचा होता म्हणे, बोटीवर चढायचा राहिला. पडद्यावर इंग्रजीच नाव होतं, पण ते वाचतो कोण? त्या माणसाने खेळाच्या नावाचं छापील जपानी कार्ड दिलं, आम्ही ते काचेखाली सरकवलं. झाला ओनीत्सुबामे."

चिगुसा फोन उचलून जिन्याच्या पायरीवर जाऊन बसली.

"मासातो. दोघांनी एकाच वेळी खेळायचं, आणि पडल्या जागी उठायचं. असा ओनीत्सुबामे आहे का?"

"नाही. जपानीत एकटाच खेळतो. तसं फक्त बाहेरच्या आवृत्तीत. तिचं नावही वेगळं, 'स्टील स्वॅलो'. ती आपल्याकडे कुठून—" तो थांबला. कीबोर्ड बडवल्याचा आवाज आला, मग तोही थांबला. "अरे देवा."

"बोल."

"मी बाबांचा बोर्ड वाचला होता. वरच्या प्लास्टिकवर बाबांच्या अक्षरात ओनीत्सुबामे लिहिलं होतं, म्हणून मी बघितलंच नाही आत काय आहे. सगळ्या चिप एकदम प्रोग्रामला दिल्या, म्हटलं जुळव. मित्राकडून आलेला स्टील स्वॅलो आधीच होता, आपला त्याच्याशी तंतोतंत जुळला असणार. मग प्रोग्रामने आपला तो जादा समजून टाकून दिला. मीच सांगितलं होतं तसं. जादाचे टाका."

"जागा वाचते," चिगुसा म्हणाली.

"टोमणा मारू नकोस."

"आणि उरला होता तो मी पहिल्या दिवशी पुसला. परदेशी म्हणून."

"हो, ते तर आहेच. ते मी बोलणार नव्हतो."

"बोललास."

दोघंही हसली नाहीत. इतका वेळ गेल्यावर हसू येत नाही. डिस्क अजून तिच्याकडेच होती. तिने लॅपटॉप जोडला, आईबापांच्या रांगेतून स्टील स्वॅलो शोधून काढला. तो आईबाप असल्यामुळे मुळातच पूर्ण होता, कोणाकडे मीठ मागायला जाणारा नव्हता. कार्डावर टाकला, यादीत त्याचं नाव बदलून 'ओनीत्सुबामे' केलं, आणि जपानी ओनीत्सुबामे काढून टाकला. काढताना या खेपेला तिने डिस्कवरची त्याची प्रत जागेवर आहे ना ते दोनदा बघितलं.

लागला. संगीत तेच, ढग तेच. निळं विमान आलं. लाल आलं नाही.

"मासातो, लाल येत नाहीये!"

"दुसरं बटण दाब."

"दाबलं. काही होत नाही."

"हां... मी दुसऱ्या बाजूची वायर जोडली नव्हती. म्हटलं बाबा एकटेच खेळणार. दुसरं कोण बसतंय?"

चिगुसाने फोन कानापासून लांब धरला आणि त्याच्याकडे क्षणभर नुसती बघत राहिली. मग टेबलाखाली शिरली. कोळ्याची जाळी, कुठल्या तरी जमान्यातलं च्युइंगम, आणि लोंबणाऱ्या रंगीत वायरी. फोनमधून मासातो, "पिवळी काळ्याशेजारी, नाही नाही, त्याच्या खाली," असं म्हणतोय, वरून सासूबाई, "अगं मला दुकानात जायचंय, किती वेळ?" म्हणतायत, आणि सुझु टेबलाखाली आई दिसली म्हणून आनंदाने किंचाळतेय. चिगुसाचं डोकं दोनदा फळीला आपटलं. दुसऱ्यांदा आपटलं तेव्हा लाल विमान आलं.

"बसा, आई."

"मी? माझे हात तेलकट आहेत."

"पुसा आणि बसा."

सुनेचा हा आवाज सुमिएंनी याआधी ऐकला नव्हता. त्यांनी सुझुला तिच्याकडे दिलं, हात ॲप्रनला पुसले आणि उजवीकडच्या स्टुलावर बसल्या. "एकदाच हं. तळणी वाट बघतेय."

तेरुओ लगेच उठले नाहीत. टीव्हीवरच्या जोडीचा निकाल लागेपर्यंत थांबले; निदान तसं दाखवलं. मग काठी टेकत आले आणि डावीकडच्या स्टुलावर बसले. दोन्ही स्टुलं इतकी जवळ होती की त्यांची उजवी मूठ सुमिएंच्या कोपराला टेकली. त्यांनी ती उचलली, आणि ठेवायला दुसरी जागा नव्हती म्हणून असेल, बटणाशेजारी ठेवली.

खेळ सुरू झाला. सुमिए लगेच मेल्या. लाल विमान पडल्या जागी लुकलुकत उठलं.

"बघ," तेरुओ म्हणाले. कोणाला ते कळलं नाही.

"बघ काय, झाडा की गोळ्या! नुसते इकडून तिकडे फिरताय. सगळी माझ्या अंगावर येतायत."

तेरुओंनी मूठ उचलून बटणावर आदळली. काच खणकन वाजली. निळ्या विमानातून गोळी सुटली.

"टेबल फोडाल. बोटाने दाबा."

"बोट ऐकत नाही."

चिगुसा जिन्याच्या कठड्याशी सुझुला घेऊन उभी होती. इतक्या महिन्यांत हे वाक्य त्यांच्या तोंडून कोणी ऐकलं नव्हतं. व्यायामवालीसमोर नाही, डॉक्टरांसमोर नाही.

सुमिएंनी पडद्यावरून नजर काढली नाही. "ऐकत नाही तर ऐकायला लावा. मी मरतेय इकडे. डावीकडे, डावीकडे! अहो, माझा डबा खाल्लात, तो जादा गोळ्यांचा लाल डबा माझा होता!"

"ज्याला मिळेल त्याचा."

"तेव्हाही असेच होतात."

मूठ बटणावरच होती. आदळली नाही. चिगुसाला दिसलं की अंगठ्याच्या मुळाशी काहीतरी ओढलं गेलं, सैल झालं, पुन्हा ओढलं गेलं. मग अंगठा बोटांखालून सरकत बाहेर आला, आडवाच, आणि कडेने बटणावर टेकला. एक गोळी. बराच वेळ काहीच नाही. मग आणखी एक.

"एवढ्याच?" सुमिए म्हणाल्या. "कंजूष माणूस."

तेरुओंच्या कपाळावर घाम आला होता. आणखी एक गोळी. चिगुसाला वाटलं काहीतरी म्हणावं, पण म्हणायचं काय? शाबास म्हटलं असतं तर तेही खिडकीतून गल्लीत गेलं असतं. सुझुने तिच्या केसांची बट पकडून तोंडात घातली. तिने घालू दिली.

शेवटी मोठ्या जहाजाने निळं आणि लाल दोन्ही एका झपाट्यात फोडलं. पुढे खेळायचं का, म्हणून आकडे उलटे पडू लागले. सुमिए गुडघ्यावर हात टेकून उठायला लागल्या. "चला, झालं. तेल पेटेल तिकडे."

"बस."

"अहो, दुकान कोण बघेल?"

"बस म्हटलं ना." तेरुओ पडद्याकडेच बघत होते. आकडे संपत आले होते. अंगठा सरकत सरकत सुरुवातीच्या बटणाकडे निघाला होता, आणि ते बटण त्याच्यासाठी फार लांब होतं.

सुमिएंनी त्या अंगठ्याकडे बघितलं. हात पुढे केला नाही. त्या पुन्हा स्टुलावर बसल्या.

"चिगुसा," त्या मान न वळवता म्हणाल्या, "दुकानात फोन कर गं. म्हणावं, सुमिएला आज उशीर होईल."